मालकांच्या तिकिटावर पेरू

कोणी वाचलंच तर आधी माफी मागते. माझी शाळा चौथीपर्यंत झाली. ऱ्हस्व-दीर्घ मला कधी जमलं नाही, आणि अक्षर असं की गावाकडं वाण्याला सामानाची चिठ्ठी दिली की तो म्हणायचा, वहिनी, तुम्हीच वाचून दाखवा. इथं नातीच्या शाळेचे एका बाजूनं कोरे कागद पडलेले असतात, त्यांवर लिहिते. दुपारी घरात कोणी नसतं.

पेरू देशाला जाऊन आले, त्याबद्दल लिहायचं आहे. लोक विचारतात, कसं होतं? मी म्हणते, छान होतं. मग ते दुसरं काहीतरी बोलायला लागतात आणि मला बरं वाटतं. पण छान होतं की नाही, ते मला खरंच सांगता येत नाही.

आमचे मालक गवंडी होते, दगडकामाचे. आमच्या भागातल्या विहिरी, शाळेचे पाये, देवळांचे ओटे त्यांच्या हातचे आहेत. लग्नानंतर काही वर्षं मीही त्यांच्या हाताखाली होते, माल कालवायला आणि घमेली उचलायला. मुलगा शिकला, इंजिनियर झाला, इथं न्यू जर्सीत आला, पिस्कॅटवेला घर घेतलं आणि आम्हाला कायमचं बोलावून घेतलं. मला घरात काम होतं, नात लहान होती. मालकांना काही काम नव्हतं. इथली घरं लाकडाची. ते भिंतीवर बोटानं टकटक करायचे आणि म्हणायचे, "खोकी आहेत खोकी. आपण खोक्यात राहतोय."

मालक रोज घराजवळच्या तळ्याभोवती फिरायला जायचे. तिथं त्यांना भाऊजी भेटले. भाऊजी म्हणजे नात्यातले नव्हेत. पुण्याचे, बँकेतून रिटायर झालेले, मुलीकडे राहायला आलेले. त्यांच्या मिसेसना सगळे काकू म्हणतात म्हणून मीही काकूच म्हणते, वय माझ्याएवढंच आहे. गावाकडं असते तर बँकेतले साहेब आणि गवंडी एका ओट्यावर बसले नसते. इथं एकाच बाकावर बसून दोघं तासन्‌तास बोलायचे.

भाऊजींनी एकदा फोनवर फोटो दाखवले. डोंगराच्या माथ्यावर दगडाचं गाव. फार जुन्या काळी इंका नावाचे लोक होते, त्यांनी बांधलेलं. मालक घरी आले ते तेच बोलत होते. "चुना नाही, माती नाही. नुसता दगडावर दगड बसवलाय. मोठमोठे, बैलगाडीएवढे. आणि सांधा असा की सुई जात नाही म्हणे." मी म्हटलं, फोटोत काय, काहीही दिसतं. ते म्हणाले, "तेच तर. हात लावून बघितलं पाहिजे."

इथल्याच एका टूरवाल्याची सहल होती. आठ-दहा दिवसांची, गाईडबरोबर, जुनी दगडाची ठिकाणं बघत आणि मधे तीन दिवस डोंगरातून चालत. भाऊजी आणि काकू जाणारच होते. मालकांचे पैसे भाऊजींनी आपल्या कार्डावर भरले. मालक त्यांना म्हणाले, "माझ्या मुलाला सांगू नका. त्याच्या पैशानं मला डोंगर चढायचा नाही. मी फेडीन." मग ते ओळखीच्या लोकांच्या घरामागं फरशा बसवायला, पायऱ्या दुरुस्त करायला जायला लागले. मुलाला वाटायचं, बाबांचा वेळ जातोय. पहिले थोडे पैसे त्यांनी भाऊजींना दिले ते मला सांगितलं. "तुला म्हणून सांगतो," म्हणाले.

फेब्रुवारीत एका सकाळी त्यांनी चहा घेतला, कप खाली ठेवला आणि खुर्चीतच मान टाकली. मी हाक मारली, हलवून बघितलं. सून फोन करायला धावली. मी तो कप उचलला आणि विसळून ठेवला. का विसळला ते माहीत नाही. मग अँब्युलन्स आली.

मला रडू आलं नाही. ओळखीच्या बायका येऊन बसायच्या, काकू माझ्या पाठीवरून हात फिरवून म्हणायच्या, "रडा हो ताई, मोकळ्या व्हा." मी मान हलवायचे आणि उठून सगळ्यांना चहा टाकायचे. सून बाहेरच्या खोलीत जाऊन कोणाला तरी फोनवर सांगायची, आई नॉर्मल वागताहेत, मला टेन्शन आलंय. खाणं, झोपणं, कपड्यांच्या घड्या, सगळं चाललं होतं. आत काहीच नव्हतं. हिवाळ्यात इथं खिडकीला प्लास्टिक लावतात, बाहेरचं दिसतं पण आवाज येत नाही, तसं होतं.

एवढ्या सगळ्यात एकच गोष्ट मला स्पष्ट कळत होती. ते पैसे फेडायचे राहिले होते.

तेरावा झाल्यावर भाऊजी आले. मुलगा ऑफिसात होता. मी पाणी दिलं आणि उभ्यानंच विचारलं, "भाऊजी, तिकिटाचे किती राहिले?"

"कसलं तिकीट, वहिनी?"

"पेरूचं."

त्यांनी ग्लास खाली ठेवला. "ते सोडा. ते माझं आणि त्याचं होतं."

"ते गेले. आता माझं आहे."

"वहिनी, असं बोलू नका. मी काय मागायला आलोय का?"

मी परत विचारलं. मग परत. शेवटी त्यांनी आकडा सांगितला आणि म्हणाले, "रुपयात करू नका बरं का." मी केव्हाच केले होते.

मग ते म्हणाले की टूरवाल्याशी बोलणं झालंय. पैसे परत मिळत नाहीत, पण नाव बदलता येतं. "तुम्ही चला. नाहीतर ती जागा रिकामीच जायची."

लोकांना वाटतं, मी मालकांची इच्छा पुरी करायला गेले. नातेवाइकांत सुनेनं तसंच सांगितलंय. तसं काही नव्हतं. मी गेले नसते तरी पैसे फेडायचेच होते. म्हणजे रिकाम्या जागेचे पैसे फेडायचे. ते मला पटेना. पैसे भरलेले होते म्हणून गेले, एवढंच.

मुलाला नवल वाटलं. "बाबांनी पैसे भरले होते? कुठून?"

"साठवलेले होते," मी म्हटलं.

"मला सांगायचं ना. मी भरले असते."

"म्हणूनच सांगितलं नसेल."

गावाहून दिरांचा फोन आला. वर्ष व्हायच्या आत बाईमाणूस सहलीला निघालं, हे काय, असं म्हणत होते. मुलगा म्हणाला, "काका, सहल कसली, डॉक्टरांनीच चालायला सांगितलंय." एवढं खोटं तोही माझ्यासाठी बोलला. सुनेनं जाड तळव्याचे बूट आणले. ते घालून मी रोज तळ्याभोवती फिरायचे. बाकावर बसायचे नाही.

मे महिन्यात गेलो. मी, भाऊजी, काकू, आणि एक अमेरिकन नवरा-बायको, दोघं शाळेतले मास्तर. भले होते, फार हसायचे. काकूंनी एका बॅगेत नुसतं खाणं भरलं होतं. मेतकूट, दशम्या, लसणाची चटणी, भाजके पोहे. भाऊजी म्हणाले, "चार हजार वर्षं टिकेल एवढं घेतलंय हिनं. आपल्यानंतर लोक उकरून काढतील."

"खाताना बोला," काकू म्हणाल्या.

कुस्को नावाचं गाव आहे, तिथं विमान उतरलं. बाहेर गाईड यादी घेऊन उभा होता. चाळिशीचा, बुटका, थंडीनं गाल करपलेले. त्यानं भाऊजींचं नाव घेतलं, काकूंचं घेतलं. मग मालकांचं नाव घेतलं. मोठ्यानं, शेवटचं अक्षर लांबवून.

भाऊजींनी काकूंकडे बघितलं. त्यानं परत तेच नाव घेतलं आणि माझ्याकडे बघून हसला.

कसं झालं ते भाऊजींनी मला नंतर समजावलं. आपल्याकडे बाईच्या पासपोर्टावर तिचं नाव, मग नवऱ्याचं नाव आणि मग आडनाव असतं. त्यांच्या यादीत माझं नाव गळलं आणि मधलं राहिलं. त्यांना काय माहीत, मधलं नाव नवऱ्याचं आहे? त्यांना वाटलं, ते माझंच.

भाऊजी त्याला सांगायला पुढं झाले. मी म्हटलं, "राहू द्या, भाऊजी."

"अहो, पण..."

"राहू द्या." ते सांगणार, तो यादी काढणार, सॉरी म्हणणार, मास्तर-मास्तरीण माझ्याकडे बघणार, मग मालक कुठे आहेत म्हणून विचारणार. तेवढं सगळं उभं राहून ऐकायचं मला नको होतं.

मी मालकांचं नाव एकदाच घेतलंय, लग्नात, बायकांनी दार अडवलं तेव्हा उखाण्यात. नंतर घेतलं नाही. रेशनच्या ऑफिसात साहेबानं नवऱ्याचं नाव विचारलं तर मुलाला पुढं करायचे. आणि आता एक परका माणूस सकाळी उठल्यापासून त्या नावानं मला हाका मारायला लागला. चला. पाणी प्या. हळू. इकडे बघा. प्रत्येक वेळी आधी ते नाव. मी मान हलवायचे.

दुसऱ्या दिवशी काकू म्हणाल्या, "अहो ताई, तो दिवसभर तुमच्या मालकांना हाका मारतोय आणि तुम्ही ओ देताय. मला ऐकवत नाही."

"ओ देत नाही. मान हलवते."

"मान तरी कशी हलवता?"

मान हलत होती.

पहिले दोन दिवस गाडीनं फिरलो. गावाच्या वरच्या अंगाला मोठी भिंत आहे, नागमोडी, माणसाच्या दुप्पट-तिप्पट उंचीचे दगड. भाऊजी माझ्याकडे बघत होते, मी काय म्हणते म्हणून. मी भिंत बघितली. भिंत होती. सांधे खरंच घट्ट होते. दगडाला खालच्या बाजूला बोंडासारखे उंचवटे ठेवलेले होते, उचलताना धरायला असतील. ऊन होतं, डोळ्यांवर येत होतं. गाईडनं हात लावू नका म्हणून सांगितलं होतं. मग एका डोंगराच्या उतारावर ताली बघितल्या, शेताचे पायऱ्यांसारखे बांध, खालपासून वरपर्यंत दगडी. काकूंनी माझे फोटो काढले. फोटोंत मी बरी दिसते. मागं डोंगर आहे, मी उभी आहे.

मग चालायचे दिवस आले. सामान घोड्यांवर, आम्ही पायी. तिथं हवा विरळ. चार पावलं टाकली की छाती भरून येते, भरून येते म्हणजे दम लागतो. जेवायला सूप, बटाटे आणि राजगिऱ्यासारखे दाणे असायचे. एका घरात गाईड आम्हाला घेऊन गेला तर चुलीशी सशाएवढे, उंदरासारखे प्राणी पळत होते. काकूंनी विचारलं, हे पाळलेत का? भाऊजी म्हणाले, "खायला." काकू त्या घराबाहेर गेल्या त्या आल्याच नाहीत. तिथल्या बायका डोक्यावर टोपी घालून, चालता चालता लोकर कातत चढण चढत होत्या. एकीनं माझ्याकडे बघितलं, मी तिच्याकडे बघितलं. ती पुढं गेली.

खिंड ओलांडायची होती त्या दिवशी सकाळपासून धुकं होतं. मी सगळ्यांच्या मागं होते. पाय दुखत नव्हते, पण उचलायचं लक्षात राहायचं नाही. वाट सोडून जरा बाजूला एक सपाट दगड होता, त्यावर बसले. किती वेळ बसले कोण जाणे. धुकं एवढं दाटलं की पुढची वाट दिसेना, आणि मग वरून हाक आली.

मालकांचं नाव.

मी बसून राहिले. परत हाक आली, या वेळी जास्त मोठ्यानं. मग भाऊजींचा आवाज, "वहिनी! वहिनी!" आणि त्यावरून परत गाईडचा, तेच नाव, शेवटचं अक्षर लांबवून. मला सगळं ऐकू येत होतं. भीतीही वाटली नाही. मी ओ दिली नाही, कारण हाक मला नव्हती. मालकांना हाक मारलीय, ते देतील ओ, असं माझ्या मनात होतं. ते नेहमी हाकेला जरा उशिरा ओ द्यायचे, हातातला दगड बसल्याशिवाय वर बघायचे नाहीत. म्हणून मी थांबले.

हाका चालूच राहिल्या. ओ आली नाही.

मग मी म्हटलं, "ओ." हळूच निघालं. परत मोठ्यानं म्हटलं.

गाईड धावत खाली आला. त्या हवेत कोणी धावतं का! त्याचा चेहरा पांढरा झाला होता. त्यानं माझं मनगट धरलं ते खिंड येईपर्यंत सोडलं नाही. वर काकू रडत होत्या. "अहो, हाका मारून घसा बसला आमचा. ऐकू येत नव्हतं का?"

"येत होतं."

"मग बोलायचं नाही का, ताई?"

मास्तरणीनं मला मिठी मारली. तिलाही रडू आलं. मी त्यांच्यामध्ये उभी होते आणि माझ्या मनात आलं, आता ह्यांना चहा टाकायला हवा.

खिंड उतरल्यावर आमचे तंबू लावलेले होते. मला झोपायला सांगून भाऊजी आणि काकू शेजारच्या तंबूत गेले. दुपारची वेळ होती. मी जागीच होते.

"तुम्हाला कोणी सांगितला होता हा मोठेपणा?" काकूंचा आवाज.

"हळू बोल."

"मी हळूच बोलतेय. तंबू पातळ आहे. पैसे तर बुडाले, ते मी केव्हाच सोडले. पण उद्या ह्या बाईला काही झालं, तर तिच्या मुलाला काय तोंड दाखवणार आहात?"

"बुडाले काय? त्यानं दिले असते."

"असते. पण दिले नाहीत ना? मी वाईट बोलत नाहीये. गेला बिचारा. पण बुडाले ते बुडाले."

काकू खोटं बोलत नव्हत्या. रागानंही बोलत नव्हत्या. दूध नासलं तर आपण म्हणतो तसं म्हणाल्या. मी आडवी पडून तंबूचं कापड बघत होते. बुटात खडा जावा तसं ते मला लागलं. मालकांनी उभ्या आयुष्यात कोणाचे पैसे बुडवले नव्हते. लोकांनीच त्यांचे बुडवले होते, एका सरपंचानं तर अख्ख्या विहिरीचे. आणि इथं, एवढ्या लांब डोंगरात, त्यांच्या नावावर बुडीत लागलं होतं.

तेव्हा ठरवलं, टप्प्याटप्प्यानं का होईना, पण सगळे द्यायचे.

सगळ्यात मोठं ठिकाण शेवटी होतं. रेल्वेनं गेलो, मग बसनं वर. फोटोतलं तेच गाव. छपरं नसलेली घरं, पायऱ्या, पाण्याच्या पन्हळी, खाली खोल दरी आणि नदी. माणसं खूप होती. भाऊजी मला एका भिंतीपाशी घेऊन गेले. "बघा, वहिनी. ह्या भिंतीचाच फोटो दाखवला होता त्याला."

मी बघितली. मालक काय म्हणाले असते ते आठवायचा प्रयत्न केला. काही सुचलं नाही. भाऊजींचे डोळे भरले होते, ते चष्मा पुसत होते. मी त्यांना रुमाल दिला.

"काही वाटतं का हो तुम्हाला, वहिनी?" त्यांनी विचारलं. टोचून नव्हे, खरंच विचारलं.

"पाय दुखतात," मी म्हटलं.

परत आल्यावर नात म्हणाली, "आजी, डिड यू सी लामाज?" मी म्हटलं, बघितले. "वेअर दे क्यूट?" मी म्हटलं, थुंकतात. ती खूप हसली आणि शाळेत सगळ्यांना सांगितलं.

मग कामाचं बघायला घेतलं. मला येतं काय? पोळ्या येतात. युनिव्हर्सिटी जवळ आहे, आपली मुलं-मुली खूप आहेत, सगळी ब्रेड खाऊन राहतात. पण कोणाला विचारायचं म्हणजे मला संकोच वाटतो. दोन आठवडे रोज सुनेला सांगायचं ठरवायचे आणि रोज भांडी घासून झोपायला जायचे. शेवटी एका सकाळी ती डबा भरत होती, तिच्याकडे पाठ करून बोलले. ती म्हणाली, "आई, पैसे हवेत का? सांगा ना, मी देते."

"नको. वेळ जात नाही."

तिनं युनिव्हर्सिटीतल्या मुलांच्या व्हॉट्सॅप ग्रुपवर टाकलं. माझ्या मुलाला आवडलं नाही. "लोक काय म्हणतील? आईला पोळ्या लाटायला बसवलं?"

"लोक खातील," सून म्हणाली. "तू पण खातोस."

संध्याकाळी मुलं यायची. आधी दारात उभी राहून पिशवी घेऊन जायची, मग हळूहळू आत यायला लागली. एक नागपूरचा मुलगा रोज तीच कुरकुर करायचा, "मावशी, तिखट काहीच देत नाही तुम्ही. पोळीसोबत ठेचा तरी द्या ना."

दुसरा म्हणायचा, "यार, मावशी फुकट ठेचा कशाला देतील?"

"मी तुझ्यासारखा फुकट्या नाही. पैसे देईन."

मी ठेचा करून ठेवायला लागले. पैसे जास्तीचे घेतले नाहीत. ती मुलं होती, त्यांचं बोलणं चालू असलं की मी लाटत राहायचे, आणि मला बोलायला लागायचं नाही.

पहिले पैसे जमले ते पाकिटात घालून भाऊजींकडे गेले. त्यांनी हात मागं घेतले. "वहिनी, मला लाजवू नका. तुम्ही आलात, त्याची जागा रिकामी गेली नाही, बास झालं." मी पाकीट टेबलावर ठेवलं. घरी येऊन पिशवी रिकामी केली तर मेथीच्या जुडीखाली तेच पाकीट. जाताना काकूंनी मेथी दिली होती, ती भाऊजींनी दारापर्यंत उचलून आणली होती.

पुढच्या वेळी भाऊजी फिरायला गेलेले बघून गेले. काकू स्वयंपाकघरात होत्या. मी पाकीट ओट्यावर ठेवलं आणि म्हटलं, "काकू, पैसे बुडाले नाहीत."

त्यांच्या हातातली सुरी थांबली. "ऐकलंत होय तुम्ही."

"तंबू पातळ होता."

काकू लाल झाल्या. मला वाटलं, आता नको म्हणतील, आणि मग मी काय करू? पण त्यांनी हात पुसले, पाकीट उघडलं, अंगठ्याला थुंकी लावून नोटा मोजल्या आणि फडताळातल्या डब्यात टाकल्या. "बसा," म्हणाल्या. "चहा टाकते."

मोजल्या म्हणून मला बरं वाटलं. तेव्हापासून मी काकूंकडेच द्यायला लागले. कधी जास्त, कधी कमी. परीक्षांच्या दिवसांत मुलं जास्त पोळ्या न्यायची, सुट्टीत कोणी नसायचं. मालकांचं वर्ष आलं, घातलं. त्या दिवशीसुद्धा संध्याकाळच्या पोळ्या चुकवल्या नाहीत. मुलानं एकदा विचारलं, "आई, एवढे पैसे ठेवतेस कुठे?" मी म्हटलं, "आहेत." त्यानं पुढं विचारलं नाही. बापासारखाच आहे, एकदा विचारतो.

भाऊजींना कळलं ते उशिरा. मी जिन्यात चपला घालत होते तेव्हा आतून आवाज आला.

"तू घेतेस? त्यांच्याकडून? लाज नाही वाटत?"

"त्या देतात, मी घेते. तुम्ही नाही म्हटलं की त्या मान खाली घालून घरी जातात. मी घेतले की सरळ चालत जातात. जाऊन बघा खिडकीतून."

भाऊजी खिडकीशी आले की नाही मला माहीत नाही. मी वर बघितलं नाही.

शेवटचा हप्ता घेऊन गेले तेव्हा थंडी सुरू झाली होती. काकूंनी दार उघडलं. मी पाकीट पुढं केलं. त्यांनी घेतलं नाही. आत वळून हाक मारली, "अहो, इकडे या. हे तुम्ही घ्या."

भाऊजी आले. हातात चष्मा होता. काकू म्हणाल्या, "मागचे सगळे डब्यात आहेत, तुम्हाला माहीत आहे. हे शेवटचे. तुम्ही मोजा."

मला वाटलं, ते हात मागं घेतील. त्यांनी पाकीट घेतलं. मग चष्मा लावला, टेबलाशी खुर्ची ओढून बसले आणि नोटा बाहेर काढल्या. बँकेत मोजायचे तसे मोजले, एका हातात गड्डी वाकवून, ओठ न हलवता. एकदा मोजून झाल्यावर परत मोजले. गड्डी टेबलावर ठोकून सरळ केली.

"बरोबर आहेत, वहिनी," ते म्हणाले. "पूर्ण फिटले. आता काही बाकी नाही."

मी म्हटलं, "बरं."